विचारा बिनधास्त : डाइव्ह न मारणारा गोलकीपर

प्रश्न : आम्ही कोल्हापूरचे, त्यामुळे फुटबॉलचं वेगळं सांगायला नको. सध्या रील्सवर शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीच्या त्या जाड्या इंग्लिश गोलकीपरचे किस्से फिरतायत. मला विचारायचंय की तेव्हा खरंच कोणी भारी कीपर होता का, की सगळी नुसती गंमतच होती? (एक वाचक, कोल्हापूर)

उत्तर : तुम्ही म्हणताय तो विली फोक, ऊर्फ फॅटी. सव्वाशे किलोच्या वरचा गडी. आधी हे सांगतो की तो नुसता जाड्या नव्हता, शेफिल्ड युनायटेडकडून 1898 ची लीग जिंकला, 1899 आणि 1902 चा एफए कप (इंग्लंडमधली हरला की बाहेर अशी कप स्पर्धा) जिंकला, 1905 मध्ये नव्या चेल्सीचा पहिला कॅप्टन झाला, पण लोकांनी लक्षात काय ठेवलं तर वजन. चालायचंच.

पण "भारी कीपर कोण" असं विचाराल तर माझं उत्तर सॅम हार्डी. जन्म 1882, डर्बीशरमधल्या चेस्टरफील्डजवळच्या न्यूबोल्डचा. याच्यावर रील का नाही? कारण रील बनवावं असं हा माणूस काही करायचाच नाही. बॉल कुठे येणार हे त्याला आधीच कळायचं, तो दोन पावलं सरकून तिथे उभा राहायचा आणि फॉरवर्डने मारलेला शॉट सरळ याच्या हातात, त्यामुळे बघणाऱ्याला वाटायचं की फॉरवर्डच येडा आहे, सरळ कीपरच्या अंगावर मारतो. टोपणनावही तसंच, सेफ अँड स्टेडी सॅम. माझं स्पष्ट मत आहे की हवेत झेप घेणारा कीपर बऱ्याचदा आधी चुकीच्या जागी उभा असतो म्हणून झेप घेतो, आणि आपण टाळ्या वाजवतो. (झेप घेणाऱ्यांनी रागावू नये.)

करिअर सांगायचं तर 1903 ला चेस्टरफील्डकडून सुरुवात, तेव्हा ते सेकंड डिव्हिजनमध्ये, म्हणजे लीगच्या दुसऱ्या पायरीवर. लिव्हरपूलचा मॅनेजर टॉम वॉटसन याला हा पोरगा आवडला तो कधी, तर लिव्हरपूलनेच चेस्टरफील्डला 6-1 हाणलं त्या मॅचमध्ये, असं सांगतात. सहा गोल खाल्लेला कीपर विकत घ्यायचा म्हणजे बघणाऱ्याची नजर बघा! लिव्हरपूलचा आधीचा कीपर नेड डॉइग चाळिशीला टेकलेला, 1905-06 च्या हंगामाची सुरुवात खराब झालेली, ऑक्टोबरमध्ये हार्डी टीममध्ये आला आणि त्याच हंगामात लिव्हरपूल चॅम्पियन. आदल्या वर्षी ते सेकंड डिव्हिजन जिंकून वर आले होते हे ध्यानात घ्या.

1912 ला तो अ‍ॅस्टन व्हिलाला गेला. तिथे दोन एफए कप, 1913 आणि 1920, आणि दोन्ही फायनल 1-0. म्हणजे दोन फायनलमध्ये गोल एकही नाही. 1913 ची फायनल लंडनच्या क्रिस्टल पॅलेसला, समोर त्या वर्षीचा लीग चॅम्पियन सुंदरलँड, पब्लिक 1 लाख 20 हजारांच्या आसपास. व्हिलाच्या चार्ली वॉलेसने पेनल्टी घालवलेली, त्यात हार्डीला लागलं आणि त्याला काही मिनिटं बाहेर जावं लागलं, सब्स्टिट्यूट हा प्रकारच नव्हता, मग सेंटर हाफ, म्हणजे मैदानात मधोमध खेळणारा, जिम हॅरप गोलमध्ये उभा राहिला आणि बाकीच्यांनी दहाजणांत कसंबसं निभावलं. हार्डी परत आला, नंतर वॉलेसच्याच कॉर्नरवर टॉमी बार्बरने हेडर मारला आणि विषय संपला. त्या दिवशी समोरून खेळलेला चार्ली बुकन, स्वतः मोठा फॉरवर्ड, पुढे हार्डीला आपण बघितलेला सर्वात भारी कीपर मानायचा. फॉरवर्डने दिलेलं सर्टिफिकेट मी जास्त मोलाचं समजतो.

मग महायुद्धात लीगचे चार हंगाम बंद. तिशीतल्या कीपरची ती चार वर्षं म्हणजे ऐन भराची, तरी परत येऊन 1920 चा कप जिंकला. 1921 ला नॉटिंगहॅम फॉरेस्टला गेला, पहिल्याच हंगामात त्यांनी सेकंड डिव्हिजन जिंकली, आणि 1924 ला तो थांबला तेव्हा वय 42. लीगच्या मॅचेस साडेपाचशेच्या घरात.

प्रश्न : पण इंग्लंडकडून फक्त 21 मॅचेस? एवढा भारी होता तर कमी नाही का वाटत?

उत्तर : आजच्या हिशोबाने कमी, तेव्हाच्या हिशोबाने भरपूर. वर्ल्ड कप नव्हता, क्वालिफायर नव्हते, वर्षाला स्कॉटलंड, वेल्स आणि आयर्लंड अशा तीन मॅचेस, कधीतरी युरोपचा एखादा दौरा, बस. त्यात युद्धाची वर्षं वजा करा. पहिली मॅच 1907 ला, शेवटची 1920 ला. आणि ती शेवटची तर कमालच, 10 एप्रिलला शेफिल्डमध्ये स्कॉटलंडविरुद्ध, हाफ टाइमला इंग्लंड 4-2 ने मागे आणि शेवटी 5-4 ने जिंकलं. हार्डीने चार गोल खाल्ले, सेकंड हाफमध्ये शून्य. पुढे दोन आठवड्यांत कप फायनल, हडर्सफील्डविरुद्ध एक्स्ट्रा टाइमपर्यंत गेली, तिथे परत शून्य. तेव्हा तो 37 वर्षांचा होता.

प्रश्न : तेव्हाचे नियम आजच्यासारखेच होते का?

उत्तर : नाही हो. 1912 पर्यंत कीपरला आपल्या अख्ख्या हाफमध्ये बॉल हाताने खेळता यायचा. फक्त हातात धरून पळता यायचं नाही, म्हणून वेल्सचा लेह रिचमंड रूझ बॉल टप्पे मारत मारत थेट मधल्या रेषेपर्यंत यायचा. पब्लिक खूश, बाकीचे वैतागलेले. मग नियम बदलला आणि हात फक्त पेनल्टी एरियापुरते राहिले. रूझसारख्यांचं मोठं हत्यार गेलं, हार्डीचं काय जाणार, तो जागा सोडायचाच नाही उगीच. पेनल्टीला कीपरने लाइनवरच थांबायचं हा नियम 1905 चा, आणि कीपरचा शर्ट वेगळ्या रंगाचा हवा हा 1909 चा. त्याच्या आधी लिव्हरपूलच्या अकरा लाल शर्टांत कीपर ओळखायचा म्हणजे रेफ्रीची परीक्षाच! फॉरवर्ड खांद्याने कीपरला ढकलू शकायचे, कायदेशीर. चामड्याचा बॉल पावसात भिजून जड व्हायचा.

प्रश्न : पैसे किती मिळायचे?

उत्तर : 1901 पासून आठवड्याला जास्तीत जास्त 4 पाउंड, ही लीगची मर्यादा, मग तुम्ही चॅम्पियन टीमचे कीपर का असेना. 1910 नंतर जुन्या खेळाडूंना 5.

प्रश्न : चेस्टरफील्डमधून बरेच कीपर आले असं ऐकलंय. खरंय का?

उत्तर : खरंय. गॉर्डन बँक्सने प्रोफेशनल खेळायला सुरुवात चेस्टरफील्डकडूनच केली, आर्सेनलचा बॉब विल्सन त्याच गावात जन्मला, जॉन लुकिकही तिथलाच. जुलै 1966 ला बँक्सने इंग्लंडकडून वर्ल्ड कप जिंकला तेव्हा हार्डी हयात होता, 84 व्या वर्षात. ऑक्टोबरमध्ये तो गेला.