वाचकांचे प्रश्न : ‘मला आंबा आवडतो’ या वाक्यातील कर्ता कोणता?

प्रश्न : मी माध्यमिक शाळेत मराठी शिकवते. ‘क्रिया करणारा तो कर्ता’ अशी व्याख्या आम्ही मुलांना सांगतो. पण ‘मला आंबा आवडतो’ हे वाक्य आले की वर्गात दोन तट पडतात. आवड माझी आहे, म्हणून ‘मला’ हा कर्ता, असे काही जण म्हणतात. ‘मला कैरी आवडते’ असे म्हटले की क्रियापद बदलते, म्हणून ‘आंबा’ किंवा ‘कैरी’ हाच कर्ता, असे इतरांचे म्हणणे असते. भाषाविज्ञानात वाक्यरचनेचा अभ्यास करणारे या वाक्याकडे कसे पाहतात?
— एक शिक्षिका, सांगली

उत्तर : आपल्या वर्गातील दोन्ही तटांनी योग्य जागी बोट ठेवले आहे. अडचण मुलांच्या विचारात नसून व्याख्येत आहे, कारण ‘कर्ता’ या एका नावाखाली आपण तीन वेगळ्या गोष्टी एकत्र बांधतो : अर्थाच्या दृष्टीने क्रिया कोणाची, प्रत्यय कोणता लागला आहे, आणि क्रियापद कोणाच्या लिंगवचनाप्रमाणे चालते. ‘सीमा पत्र लिहिते’ या वाक्यात तिन्हींचे उत्तर ‘सीमा’ असेच येते, म्हणून व्याख्या पुरेशी वाटते. ‘सीमाने चिठ्ठी लिहिली’ म्हणताच ती उसवू लागते : लिहिणारी सीमा, पण क्रियापद चिठ्ठीच्या मागे जाते.

पाणिनीच्या व्याकरणात ही गल्लत नाही. ‘रामेण रावणः हतः’ या वाक्यात राम तृतीयेत आहे आणि ‘हतः’ हे रूप रावणाशी जुळते, तरीही कर्ता रामच. मराठीतील ‘लिहिली’, ‘केला’ यांसारखी भूतकाळाची रूपे संस्कृतातील अशाच कर्मणी धातुसाधितांपासून विकसित झाली आणि त्यांच्याबरोबर कर्माशी जुळण्याची रीतही आली.

मराठीने या वारशात स्वतःची भर घातली. हिंदीत ‘मैंने चिट्ठी लिखी’ असे म्हणावे लागते. मराठीत मात्र ‘ने’ तृतीय पुरुषात उरला आणि ‘मी’, ‘तू’ बिनप्रत्ययाचे राहिले. तरी ‘मी चिठ्ठी लिहिली’ यात क्रियापद चिठ्ठीशीच जुळते. ‘तू चिठ्ठी लिहिलीस’ हे वाक्य तर मुलांसमोर अवश्य ठेवावे : ‘लिहिली’ हा भाग चिठ्ठीशी जुळतो आणि शेवटचा ‘स’ ‘तू’शी. एकच क्रियापद दोघांशी जुळते, हे पाहिल्यावर ‘क्रियापद ज्याच्याशी जुळते तो कर्ता’ ही दुसरी व्याख्याही टिकत नाही.

मग कर्ता ओळखावा कसा? वाक्यविन्यासाचा अभ्यासक व्याख्येने सुरुवात करत नाही, तो कसोट्या लावतो. भाषावैज्ञानिक एडवर्ड कीनन यांनी 1976 मध्ये जगातील विविध भाषांचा विचार करून असे मांडले की, कर्ता हा अनेक गुणधर्मांचा समूह असतो आणि ते सगळे प्रत्येक वाक्यात एकाच शब्दाकडे असतील असे नाही. मराठीसाठी दोन कसोट्या विशेष उपयोगी आहेत.

पहिली कसोटी ‘ऊन’ प्रत्ययाच्या रूपाची. ‘पत्र वाचून सीमाने रमाला बोलावले’ यात पत्र कोणी वाचले? सीमाने, रमाने नव्हे. आता ‘पत्र वाचून सीमाला राग आला’ हे वाक्य घ्या. ‘आला’ हे रूप रागाशी जुळते, पण पत्र वाचले ते सीमानेच. दुसरी कसोटी ‘आपला’ या शब्दाची. त्याचा ‘आपल्या सर्वांचा’ हा अर्थ येथे बाजूला ठेवू. ‘सीमाने रमाला आपल्या वहीतली कविता दाखवली’ यातील वही सीमाची. ‘सीमाला आपल्या वहीतली चूक दिसली’ यातही वही सीमाचीच, जरी ‘दिसली’ हे रूप चुकीशी जुळले तरी.

यात लक्षात घेण्याजोगी गोष्ट अशी की, ‘रमाला’ आणि ‘सीमाला’ यांचा प्रत्यय एकच आहे, पण वाक्यातील वागणूक वेगळी आहे. बोलावण्याच्या वाक्यातील ‘रमाला’ हे ‘वाचून’ या रूपाचा कर्ता होऊ शकत नाही; राग येण्याच्या वाक्यातील ‘सीमाला’ होऊ शकते. प्रत्यय ऐकू येतो, पण वाक्यातील स्थान ऐकू येत नाही. ते असे वाक्ये शेजारी शेजारी ठेवूनच शोधावे लागते. म्हणून ‘मला आंबा आवडतो’ याचे माझे उत्तर असे : क्रियापदाची जुळणी आंब्याकडे आहे आणि कर्त्याचे इतर महत्त्वाचे अधिकार ‘मला’कडे आहेत. परीक्षेच्या उत्तरपत्रिकेत ही विभागणी बसत नाही हे खरे. पण वर्गात ती जरूर सांगावी, कारण तेथूनच मुले व्याकरण पाठ करण्याऐवजी तपासू लागतात.

कसोट्यांनाही मर्यादा असतात. ‘पाऊस पडून रस्ता खराब झाला’ यात पडणारा पाऊस आणि खराब होणारा रस्ता, असे दोन कर्ते आहेत. जेथे कोणाची इच्छा नसते, केवळ कारण आणि परिणाम असतो, तेथे ‘ऊन’ एवढी मोकळीक देतो. अशी विरोधी वाक्ये लपवू नयेत, मुलांनाच शोधायला सांगावीत. जे वाक्य कोणी बोलणार नाही त्याच्या आधी तारांकन करण्याची पद्धत भाषाविज्ञानात आहे. बोलता न येणारी वाक्येही येथे पुरावा म्हणून मोजली जातात.

पुढील वाचनासाठी मोरो केशव दामले यांचे 1911 मधील ‘शास्त्रीय मराठी व्याकरण’ आजही हाताशी असावे. त्यातील उदाहरणांचा साठा आणि आधीच्या व्याकरणकारांशी केलेला सविस्तर वाद, दोन्ही शिकण्यासारखे आहेत.

प्रश्न : मराठीत शब्दांचा क्रम बराच मोकळा आहे. मग वाक्याला ठरावीक रचना असते असे कशावरून म्हणायचे?
— एक वाचक, बेळगाव

उत्तर : ‘सीमाने रमाला सकाळी वही दिली’ या वाक्यातील शब्द अनेक प्रकारे मागेपुढे करता येतात. पण ‘सीमाने रमाला शाळेतल्या मुलीची वही दिली’ असे म्हटले, तर ‘शाळेतल्या’ उचलून ‘सीमाने’च्या आधी ठेवता येत नाही, ठेवल्यास तो सीमाशी जोडला जातो आणि अर्थच बदलतो. ‘शाळेतल्या मुलीची वही’ हा पूर्ण गट मात्र सुरुवातीला सहज जातो. हलतात ते गट, आणि गटाच्या पोटात आणखी गट असतात.

‘जुन्या शाळेच्या इमारतीत’ या शब्दांचे दोन अर्थ होतात : शाळा जुनी किंवा इमारत जुनी. शब्द तेच, क्रमही तोच, फरक फक्त गट कसे बांधले याचा. ‘इमारतीत’ऐवजी ‘इमारत’ घेतले की ही संदिग्धता नाहीशी होते, कारण विशेषणाचे रूप त्याचे विशेष्य दाखवते : ‘जुन्या शाळेची इमारत’ आणि ‘जुनी शाळेची इमारत’. प्रत्यय लागताच दोन्ही ठिकाणी ‘जुन्या’ हेच सामान्यरूप येते, आणि गटांची बांधणी ऐकणाऱ्याला संदर्भावरून ठरवावी लागते.