ताऱ्याभोवतीची चमकणारी रचना विज्ञानकथेत खरी कशी वाटेल?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: तुमच्या कथाविश्वात सूर्यासारख्या ताऱ्याला संपूर्ण वेढणारी ‘प्रभावळ’ नावाची रचना आहे. ती पृथ्वीच्या कक्षेएवढी मोठी आहे, तांबूस चमकते आणि लोक तिच्या आतल्या बाजूला राहतात. हे वैज्ञानिकदृष्ट्या पटण्यासारखं कसं करायचं?

आधी रंग ठरवा. रंगावरून तापमान ठरतं, तापमानावरून त्रिज्या, आणि त्रिज्येवरून बाकी जवळजवळ सगळं.

तारा जेवढी ऊर्जा टाकतो तेवढी सगळी शेवटी वेष्टणाच्या बाहेरच्या पृष्ठभागावरून बाहेर पडावीच लागते, नाहीतर ते तापतच जाईल. सूर्यासारख्या ताऱ्यासाठी हिशेब सोपा आहे: ३९४ ला त्रिज्येच्या (खगोलीय एककात, म्हणजे पृथ्वी-सूर्य अंतर एक धरून) वर्गमुळाने भागा, तापमान केल्व्हिनमध्ये मिळतं. पृथ्वीच्या अंतरावर ते ३९४ केल्व्हिन, म्हणजे सुमारे १२१ अंश सेल्सियस येतं. एवढ्या तापमानाची वस्तू डोळ्यांना काळीच दिसते. ती अवरक्त (डोळ्यांना न दिसणारे, उष्णतेचे) किरण टाकते, आणि भौतिकशास्त्रज्ञ फ्रीमन डायसन यांनी १९६० मध्ये अशा रचना शोधायला सुचवल्या त्या याच अवरक्त किरणांवरून. घन वस्तू डोळ्यांना जेमतेम लालसर दिसू लागते ती सुमारे ५२५ अंशांना. ठळक तांबूस चमक हवी तर १००० केल्व्हिन (७२७ अंश) धरा. मग त्रिज्या ०.१५५ एकक, म्हणजे सुमारे २.३ कोटी किलोमीटर होते. बुधाच्या कक्षेच्याही बरंच आत.

इथेच तुमचे आतले रहिवासी बाद होतात, आणि कारण फक्त उष्णता नाही. एकसंध पोकळ गोलाच्या आत त्या गोलाचं गुरुत्वाकर्षण शून्य असतं, त्यामुळे भिंतीवर उभा असलेला माणूस सरळ ताऱ्याकडे पडेल. त्याच कारणाने ताऱ्याला गोलाच्या मध्यभागी धरून ठेवणारंही काही नसतं. हलका धक्का बसला की गोल सरकत राहणार. गोलाऐवजी कडं केलं तर आणखी वाईट: भौतिकशास्त्रज्ञ मॅक्सवेलने १८५९ मध्ये शनीच्या कड्यांबद्दल दाखवलं की एकसंध घन कडं अस्थिर असतं, थोडं सरकलं की आणखी सरकतं. पृथ्वीच्या अंतरावरचं कडं फिरवून पृथ्वीएवढं वजन आणायचं तर वेग सेकंदाला सुमारे १२०० किलोमीटर लागतो. तो ताण पेलायला आजच्या कार्बन तंतूपेक्षा लाखो पट मजबूत पदार्थ हवा.

म्हणून एकसंध कवच सोडा आणि प्रभावळ असंख्य सुट्या पत्र्यांची करा, प्रत्येक पत्रा आपल्या कक्षेत फिरणारा. २.३ कोटी किलोमीटरवर कक्षीय वेग सेकंदाला सुमारे ७६ किलोमीटर आणि एक फेरी २२ दिवसांची. धोका टकरींचा आहे. त्या वेगाने आदळणाऱ्या एका ग्रॅमच्या तुकड्यात जवळजवळ ७०० ग्रॅम टीएनटी या स्फोटकाइतकी ऊर्जा असते, आणि एका टकरीचे तुकडे पुढच्या टकरी घडवतात. यासाठी वेगवेगळ्या कोनांत कललेल्या कक्षांना थोडी वेगवेगळी त्रिज्या द्या, म्हणजे त्या एकमेकींना छेदणार नाहीत. कथेत संकट हवं असेल तर ते इथूनच आणा, बाहेरून शत्रू आणायची गरज नाही.

साहित्य पुरेल. बुधाचं वस्तुमान ३.३ × १०^२३ किलो आहे. प्रभावळीच्या क्षेत्रफळावर ते पसरलं तर चौरस मीटरला जवळजवळ ४९ किलो येतं. मात्र ॲल्युमिनियमचे आरसे लिहू नका, ते ६६० अंशांनाच वितळतं. सिलिकॉनचे सोलर पॅनलही या तापमानाला निकामी. टंगस्टन, कार्बन किंवा सिरॅमिक चालेल.

आता लोक कुठे राहतील? पृथ्वीच्या अंतरावरच्या ग्रहावर, बाहेर. माझ्या मते तुमच्या कथेतली सर्वांत सुंदर जागा हीच आहे. ग्रहाला मिळणारी एकूण ऊर्जा पूर्वीइतकीच, चौरस मीटरला सुमारे १३६० वॅट. पण त्यात डोळ्यांना दिसणारा भाग जेमतेम लाखात एक. म्हणजे भर दुपारी ऊब दिवसाची आणि उजेड पौर्णिमेच्या चांदण्याइतका! आकाशात प्रभावळीची तांबूस तबकडी सुमारे १८ अंश रुंद, चंद्राच्या ३५ पट. ग्रह पृथ्वीसारखाच फिरत असेल तर विषुववृत्तावर ती पूर्ण उगवायला तासाहून अधिक, जवळजवळ ७० मिनिटं लागतील. आपल्या ओळखीची हिरवी झाडं तिथे जगणार नाहीत, शेतीला कृत्रिम दिवे लागतील. शिवाय पाण्याची वाफ २.७ मायक्रोमीटरच्या आसपासचे किरण जोरात शोषते आणि तुमचा प्रकाश सर्वाधिक तिथेच, २.९ च्या जवळ आहे. त्यामुळे बरीच उष्णता जमिनीआधी हवाच घेईल. वारे आणि ढग याचा विचार करून लिहा.

एक चूक वारंवार दिसते: संपूर्ण रचना एकाच क्षणी पेटते किंवा विझते. प्रकाशाला हिच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत जायला सुमारे १५५ सेकंद लागतात. सूर्याच्या शंभराव्या भागाइतका तेजस्वी लाल खुजा तारा घेतलात तर त्याच रंगासाठी त्रिज्या दहापट कमी, साहित्य शंभरपट कमी आणि हा वेळ १५ सेकंदांवर येतो. नाट्यासाठी तो चांगला पर्याय आहे. फक्त अशा ताऱ्यांवर होणारे जोरदार उद्रेक विसरू नका.

शेजारच्या ताऱ्यावरून, समजा चार प्रकाशवर्षांवरून, प्रभावळ लहान अवरक्त दुर्बिणीत नुसता ठिपका दिसेल. तिथले खगोलशास्त्रज्ञ आधी तिला धुळीत लपलेला तारा समजतील. सिलिकेटची (खडकाळ) धूळ असली तर वर्णपटात १० मायक्रोमीटरजवळ उंचवटा किंवा, धूळ दाट असली तर, खळगा दिसतो, घन पत्र्यांच्या वर्णपटात तसं काही दिसणार नाही. तुमच्या पात्राला पहिला संशय तिथे येऊ द्या.