बुडापेस्टच्या सिगेत फेस्टिवलबद्दल वाचलं, हंगेरीतल्या रॉकवरची एखादी डॉक्युमेंटरी सुचवाल का?

सिगेत म्हणजे हंगेरियनमध्ये बेट, डॅन्यूब नदीतल्या बेटावर 1993 पासून भरतो तो. पण माझं ऐकाल तर त्याच्या सात वर्षं आधीपासून सुरुवात करा. 27 जुलै 1986, बुडापेस्टचं नेपस्टेडियम, ब्रिटिश रॉक बँड क्वीन, त्या कॉन्सर्टची फिल्म आहे, 'हंगेरियन रॅप्सडी: क्वीन लाइव्ह इन बुडापेस्ट'. फेस्टिवल नाहीये, एका बँडची कॉन्सर्ट आहे, मान्य, पण तेव्हा तिथे कम्युनिस्ट सरकार होतं आणि पश्चिमेकडचा एवढा मोठा बँड असा भरल्या स्टेडियममध्ये वाजवणार म्हणजे तिथल्या लोकांना सणच की.

शूटिंग हंगेरियन लोकांनीच केलंय, डायरेक्टर यानोश झोंबोयाई. देशात होते नव्हते तेवढे 35 एमएम कॅमेरे गोळा करून लावले म्हणतात, आणि ते दिसतं सुद्धा, 2012 ला रिस्टोअर करून थिएटरात आणली ती प्रिंट शोधा, जुनी व्हीएचएसवाली नको. मध्येमध्ये बँडवाले शहरात भटकताना दाखवलेत, ब्रायन मे बलूनमधे, रॉजर टेलर गो-कार्टिंग करतोय वगैरे, तो भाग मला जरा टाइमपास वाटला, खरं सांगायचं तर गाणं मध्येच तुटलं की वैताग येतो.

पण एक जागा चुकवू नका. क्वीनचा गायक फ्रेडी मर्क्युरी आणि ब्रायन दोघंच, ब्रायनकडे गिटार, आणि फ्रेडी 'तावासी सेल' नावाचं हंगेरियन लोकगीत गायला लागतो. वसंतातल्या वाऱ्याचं गाणं आहे, तिथल्या पोराटोरांना पाठ असतं. ह्याला कुठली येतेय भाषा, शब्द तळहातावर लिहून आणलेत, आणि गाता गाता सरळ हाताकडे बघून वाचतोय, काही लपवाछपवी नाही! आणि पब्लिक जे उसळतं ना, मी ते चारपाच वेळा रिवाइंड करून पाहिलं.

आणि हो, हा फ्रेडी म्हणजे आपल्या पाचगणीच्या सेंट पीटर्समधला फारुख बलसारा, शाळेतच पहिला बँड काढलेला त्याने. आमची शाळेची ट्रिप तिथूनच टेबललँडला गेली होती, पण तेव्हा कुणी सांगितलं नाही, सगळं लक्ष स्ट्रॉबेरीवर.

ह्या कॉन्सर्टनंतर दोन आठवड्यांच्या आतच, 9 ऑगस्टला इंग्लंडमधल्या नेबवर्थला फ्रेडीचा क्वीनसोबतचा शेवटचा शो झाला. हे माहीत नसताना एकदा बघा आधी, असं सांगणार होतो, पण आता सांगून बसलो. हेडफोन लावून बघा मात्र, मोबाईलच्या स्पीकरवर नको.