करंगळी चौथी की पाचवी?

या वेळी मेडिकल कोडिंगवाल्यांचीच, म्हणजे डॉक्टरांच्या नोंदी वाचून आजार-इजांना आयसीडी-१० नावाच्या यादीतले कोड लावणाऱ्यांचीच पत्रं जास्त आलीत, आणि त्यातही सगळ्यांचा हातच मोडलाय, म्हणून एकत्रच घेते.

प्रश्न : ताई, मी फिजिओ आहे, पाच महिन्यांपूर्वी हडपसरला एका कंपनीत मेडिकल कोडिंगला लागले, अमेरिकेतले ऑर्थोचे चार्ट येतात. परवाच्या चार्टमध्ये पेशंटनं रागाच्या भरात भिंतीवर बुक्की मारलेली, डॉक्टरनं लिहिलंय उजव्या हाताच्या पाचव्या मेटाकार्पलच्या नेकला फ्रॅक्चर. मी करंगळीचा कोड टाकला, एस६२.६०६ए, तर क्वालिटीनं (आमचं काम तपासणाऱ्या टीमनं) एरर मारली. करंगळीच आहे ना ती? आणि हाड सरकलंय का नाही हे डॉक्टरनं लिहिलंच नाहीये, मग मी काय ठरवायचं? – एक वाचक, पुणे

उत्तर : एरर बरोबर आहे गं, पण मनाला लावून घेऊ नकोस, मी नवीन असताना हीच चूक एका आठवड्यात तीनदा केलेली आणि टीम लीडरनं सगळ्या फ्लोअरसमोर माझी मूठ वळवून दाखवली होती. तूही आत्ता वळ. करंगळीच्या बुडाशी जो उंचवटा वर आला ना, ते पाचव्या मेटाकार्पलचं डोकं, आणि नेक त्याच्या जरासं मागं, मनगटाच्या बाजूला. म्हणजे मोडलंय ते तळहातातलं हाड, बोट धडधाकट आहे. एस६२.६ मध्ये जे कोड आहेत ते पेरांचे, अंगठा सोडून बाकी चार बोटांना तीन-तीन पेरं, बुडाकडचं, मधलं, नखाकडचं. अंगठ्याला दोनच पेरं आणि त्याचं घर वेगळं, एस६२.५. मेटाकार्पल सगळे एस६२.३ मध्ये, फक्त अंगठ्याचा पहिला मेटाकार्पल एस६२.२ मध्ये जातो.

घोळ मोजण्यात होतो. आपण लहान पोराची बोटं करंगळीपासून मोजायला लागतो, पुस्तक अंगठ्यापासून मोजतं, आणि एखादा डॉक्टर अंगठ्याला बोटात धरतच नाही, त्याच्या हिशेबात करंगळी चौथी. मेटाकार्पल म्हटलं की भांडण नाही, अंगठ्याचा पहिला, तर्जनीचा दुसरा, करंगळीचा पाचवा. पण चार्टमध्ये नुसतं 'दुसरं बोट' दिसलं तर तर्जनी का मधलं हे आपल्या मनानं ठरवू नकोस, क्वेरी टाक, म्हणजे डॉक्टरलाच विचार.

आता सरकण्याचं. गाइडलाइन सरळ सांगते, सरकलंय की नाही लिहिलेलं नसेल तर सरकलेलं धरायचं, आणि उघडं (जखमेतून हाड उघडं पडलेलं) का बंद ते लिहिलेलं नसेल तर बंद धरायचं. मला पहिल्यांदा हे उलटंच वाटलेलं, की एकात जास्त गंभीर धरायचं आणि दुसऱ्यात कमी, पण नियम तो नियम. सरकलेल्या नेकचा कोड एस६२.३३, उजवा पाचवा म्हणून पुढं ६, शेवटी ए (तो कशाचा ते पुढच्या उत्तरात), झालं एस६२.३३६ए. एक सोपी खूण सांगते, मेटाकार्पल आणि बोटं दोन्हीकडं सहावा आकडा सारखाच चालतो, तर्जनी ० आणि १, मधलं २ आणि ३, अनामिका ४ आणि ५, करंगळी ६ आणि ७, सम आकडा उजवा, विषम डावा. फक्त अंगठ्याकडं गेलीस की हे विसर, तिथं उजवा १ आणि डावा २ (सरकलेलं नसेल तर ४ आणि ५), माझ्या ओळखीतले चांगले चांगले तिथं आपटलेत.

प्रश्न : कोडच्या शेवटचा ए म्हणजे पहिली व्हिजिट आणि डी म्हणजे नंतरची असं आम्हाला क्लासमध्ये शिकवलं. पण पेशंट तिसऱ्यांदा आला तरी सीनियर ए लावतात, विचारलं तर म्हणतात लावायचं. कारण कुणी सांगत नाही. – एक वाचक, नागपूर

उत्तर : क्लासवाल्यांनी वेळ वाचवला, दुसरं काय. ए हा व्हिजिटचा नंबर नाहीच, ट्रीटमेंट अजून चालू आहे का हे सांगणारं अक्षर आहे. शनिवारी रात्री इमर्जन्सीत कच्चं प्लास्टर घातलं, ए. मंगळवारी ऑर्थोनं स्वतः तपासून उपचार सुरू केले, डॉक्टर नवीन आणि उपचार चालूच, तेही ए. गुरुवारी ऑपरेशन करून पिना घातल्या, परत ए. त्यानंतर हाड जुळतंय का बघायला एक्स-रे काढला, प्लास्टर बदललं, पिना काढल्या, हे सगळं डी. आणि पेशंट महिनाभर घरीच तेल चोळत बसला आणि मग पहिल्यांदा डॉक्टरकडं गेला, तरी त्याचे खरे उपचार आता सुरू होतायत, म्हणून ए.

उघडं फ्रॅक्चर असेल तर ए च्या जागी बी. जुळायला उशीर लागतोय तर जी, जुळलंच नाही तर के, वाकडं जुळलं तर पी, आणि सगळं संपल्यावर मागं राहिलेल्या त्रासाला एस. मांडीच्या किंवा पायाच्या हाडाचे चार्ट करून हाताकडं आलेली पोरं इथं सी, ई, एफ शोधत बसतात, उघड्या जखमेच्या ग्रेडची ती अक्षरं एस६२ ला नाहीतच. अजून एक, इजेच्या फॉलोअपला आफ्टरकेअरचा, म्हणजे नंतरच्या देखभालीचा, झेडनं सुरू होणारा कोड लावू नकोस, डी तेच काम करतो.

प्रश्न : ताई नमस्कार. मिस्टरांचं बोट कडबाकुट्टीत सापडलं, डाव्या हाताची तर्जनी, नखाकडचं पेर, हाड बाहेर दिसत होतं, पिन घातलीय. क्लेमच्या फॉर्मवर हॉस्पिटलनं एस६२.६१ असा कोड लिहिलाय. भाच्यानं मोबाइलवर बघितलं तर तिथं बुडाकडचं पेर असं येतंय. कोड चुकला म्हणून क्लेम अडकवतील का? – एक वाचक, सांगली जिल्हा

उत्तर : घाबरू नका, कोड बहुतेक बरोबर आहे, भाच्यानं दुसऱ्या देशाची यादी उघडली. वर ज्या पोरी विचारतायत ती अमेरिकेची यादी, १ ऑक्टोबर २०१५ पासून तिकडं लागू असलेली, त्यात फ्रॅक्चरचा कोड सात अक्षरांचा असतो. तुमच्या फॉर्मवर पाचच आहेत, म्हणजे तो जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ यादीतला. त्या यादीत एस६२.६ म्हणजे अंगठा सोडून दुसऱ्या बोटाचं फ्रॅक्चर, आणि पुढचा आकडा ० असेल तर बंद, १ असेल तर उघडं. हाड बाहेर दिसत होतं म्हणताय, म्हणजे १ च हवा. तेच आकडे अमेरिकेत लिहिले की अर्थ होतो बुडाकडचं सरकलेलं पेर, आकडे तेच, घरं दोन.

मला काळजी दुसऱ्याच गोष्टीची वाटते. मूळ यादीच्या या कोडमध्ये डावं-उजवं नाही, कुठलं बोट, कुठलं पेर तेही नाही. ते सगळं शब्दांत डिस्चार्ज कार्डावरच असतं. तेव्हा आज कार्ड, एक्स-रे रिपोर्ट आणि फॉर्मचा हॉस्पिटलनं भरायचा भाग बी तिन्ही समोर ठेवा, तिन्हीकडं डावा हात आणि तर्जनीच लिहिलंय का बघा. एका ठिकाणी उजवा आणि एका ठिकाणी डावा असं निघालं तर कोड कितीही बरोबर असला तरी प्रश्न विचारणार, त्याआधीच हॉस्पिटलकडून सही-शिक्क्यानं दुरुस्ती करून घ्या. आणि पेराचा तुकडा तुटूनच गेला असेल, कार्डावर ॲम्प्युटेशन शब्द असेल, तर मात्र कोड एस६८ मधला लागतो, तसं असेल तर लगेच डॉक्टरांना सांगा.

प्रश्न : आयसीडी-११ आलंय म्हणतात, मग १० ची सीपीसी (कोडरच्या सर्टिफिकेटची) परीक्षा देऊन पैसे वाया घालवू का? – एक वाचक, डोंबिवली

उत्तर : ११ जागतिक पातळीवर १ जानेवारी २०२२ पासून लागू झालं, मनगट-हाताचं फ्रॅक्चर त्यात एनसी५३ मध्ये गेलंय, पण अमेरिकेची बिलं अजून १० वरच चालतात आणि तुला काम त्यांचंच करायचंय. परीक्षा दे. शंभर प्रश्न, चार तास, पास व्हायला ७० टक्के, पुस्तकं सोबत नेता येतात. फक्त सेकंडहँड पुस्तक घेताना वर्ष बघून घे, कोड दर १ ऑक्टोबरला बदलतात, आणि आधीच्या मालकानं पेन्सिलीनं काय काय खरडून ठेवलंय तेही चाळून बघ, माझ्या पुस्तकात अंगठ्याच्या पानावर उजवं-डावं उलटं लिहिलेलं निघालं होतं.