गाडी राहू दे, आधी केळी सोडव

प्रिय,

दुपारी तुझा फोन आला तेव्हा माझं मॅटर पुकारलं होतं, म्हणून बोलणं अर्धवट राहिलं. आता निवांत लिहितो.

अपघाताच्या गुन्ह्यात केळीचा ट्रक पोलीस ठाण्यात उभा आहे आणि गाडी नि माल या दोन्हींसाठी तू एकच अर्ज टाइप करायला दिलास, असं म्हणालास. तो थांबव. दोन अर्ज कर. गाडीला आरसी लागेल, विमा लागेल, आरटीओची तपासणी लागेल. केळीला यातलं काहीच लागत नाही. ती त्या अपघातात ना आरोपी, ना पुरावा.

हे मी स्वतःच्या चुकीतून शिकलो. वकिलीची सनद मिळून वर्षही झालं नव्हतं. मे महिना, सावद्याहून दिल्लीला निघालेला माल. मीही एकच अर्ज दिला. गाडीमालक परराज्यातला, त्याचं मुखत्यारपत्र यायला चार दिवस गेले. पाचव्या दिवशी आदेश घेऊन गेलो, ताडपत्री उचलली, तर खालून रस गळत होता. व्यापारी एका शब्दानेही बोलला नाही. फी मात्र पूर्ण दिली. ती अजून टोचते.

केळीचं असं असतं भो, की एक घड पिकायला लागला की त्यातून निघणारा इथिलीन वायू शेजारच्यालाही पिकवतो. आपल्याकडच्या उन्हाळ्यात, बंद ताडपत्रीखाली, हे फार झपाट्याने होतं. कुणी म्हणेल, माल कोल्ड स्टोरेजला ठेवा. बटाट्याच्या थंडीत केळी ठेवली तर साल काळी पडते. साधारण १३ अंशांखाली ती टिकत नाही, बिघडते. हे अर्जात एका परिच्छेदात लिही. न्यायाधीश केळीपट्ट्यातले असतीलच असं नाही.

कायदा तुला माहीत आहे, तरी सांगतो. १ जुलै २०२४ पासून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या ४५१ आणि ४५७ च्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची कलमं ४९७ आणि ५०३ आली. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य हा सर्वोच्च न्यायालयाचा २००२ चा निकाल जोड. मुद्देमाल ठाण्यात कुजवत ठेवू नये. पंचनामा, फोटो, बंधपत्र घेऊन लवकर सोडावा, हे त्यात स्पष्ट आहे. फोटो आणि व्हिडिओ काढायला हरकत नाही, असं तूच आधी लिहून दे. सरकारी वकिलांच्या ‘से’मधली, म्हणजे अर्जावरच्या लेखी म्हणण्यातली, अर्धी हरकत तिथेच संपते. तपास अधिकाऱ्याचा से मात्र स्वतः मागे लागून आण, टपालाच्या भरवशावर राहू नकोस.

अर्जदार व्यापारी असू दे, ड्रायव्हर नको. बिल्टी म्हणजे ट्रान्सपोर्टची पावती, वजनकाट्याची पावती, शेतकऱ्याकडून घेतल्याची पट्टी जोड. किंमत त्या दिवशीच्या बोर्ड भावाने, म्हणजे बाजारात जाहीर झालेल्या दराने लाव. फुगवलीस तर बंधपत्र तेवढं मोठं होईल, कमी दाखवलीस तर उद्या नुकसानभरपाई मागताना तोच आकडा तोंडावर फेकतील. आणि शेवटी पर्यायी विनंती विसरू नकोस: ताबा देता येत नसेल तर माल विकून पैसे कोर्टात जमा करावेत. नाशवंत मालासाठी ४९७ मध्येच तशी सोय आहे. पैसे कुजत नाहीत.

एक वेगळी गोष्ट, पुढे कामी येईल. रेशनच्या धान्याची गाडी जीवनावश्यक वस्तू कायद्याखाली धरली असेल, तर मॅजिस्ट्रेटकडे धावू नकोस. कलम ६ई आडवं येतं. तिथे अर्ज जिल्हाधिकाऱ्यांकडे. आपल्याकडचे चांगले मुरलेले वकीलही इथे दोन-तीन दिवस घालवून बसतात.

उद्या सुट्टी आहे. सुट्टीतलं रिमांडचं, म्हणजे आरोपींच्या कोठडीचं, काम कोणत्या कोर्टाकडे आहे ते आजच बेंच क्लार्कला विचार, अर्ज तिथेच दे. आणि आत्ता, हे वाचून झाल्या झाल्या, ठाणे अंमलदारांची परवानगी काढून ड्रायव्हरला ताडपत्री मागच्या बाजूने सोडायला सांग. गाडी सावलीत घेता आली तर बघ.

तुझा,
काका