पेटी, ढोलकी आणि फुटपाथ : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : दादर स्टेशनाबाहेर पेटी वाजवतो. पावसाळ्यात एक पट्टी सूर धरून बसते, दुसरी मध्येच मुकी होते. रीड बदलू का?

उत्तर : थांबा, ही दोन वेगळी दुखणी आहेत. सूर धरून बसतो, कारण पट्टीखालचं छिद्र पुरतं झाकलं जात नाही. दमट हवेत लाकूड फुगून पट्टी शेजारच्या पट्टीला घासते, नाहीतर स्प्रिंग ढिली झालेली असते. घासत असेल तर कडेला बारीक पॉलिशपेपर दोनदाच फिरवा. हिवाळ्यात लाकूड परत आक्रसतं. आज जास्त घासलंत तर तेव्हा पट्टी खुळखुळेल.

मुकेपणा बहुधा धुळीचा. पितळी जिभलीपाशी, म्हणजेच रीडपाशी, कण अडकला की ती थरथरत नाही. जिभलीचं मोकळं टोक नखाने हलकेच उचला, खाली कोरा पातळ कागद सरकवा आणि ओढून घ्या. ब्लेड अजिबात लावू नका. टोकाशी धातू खरवडला गेला तर सूर चढतो, मुळाशी खरवडला तर उतरतो, आणि मग कारागिराकडे जावंच लागतं.

प्रश्न : पावसाची सर आली की ढोलकीच्या शाईच्या, म्हणजे काळ्या लेपाच्या, बाजूचा सूर उतरतो. स्टोव्हवर शेकू?

उत्तर : नको. आचेने कातडं एकदम आवळतं, शाईला भेगा जातात. कोरड्या फडक्याने पुसा. नटबोल्टची असेल तर समोरासमोरचे बोल्ट पाव-पाव फेरा आवळा, वाजवून झाल्यावर सैल सोडा.

प्रश्न : १२ व्होल्ट, ७ अँपिअर-अवरच्या बॅटरीवर स्पीकर किती चालेल?

उत्तर : १२ गुणिले ७ म्हणजे ८४ वॅट-तास. लेड-अ‍ॅसिड बॅटरी टिकवायची तर त्यातले निम्मेच वापरायचे. स्पीकर सरासरी १० वॅट खात असेल तर चार तास. घरी गेल्या गेल्या चार्जिंगला लावा. रिकामी पडून राहिली की ताकद घटते. आणि लाउडस्पीकरला लेखी परवानगी लागते, शिवाय इस्पितळ, शाळा, कोर्टापासून १०० मीटर दूर राहा.

प्रश्न : पोलीस म्हणतात, ही भीकच. खरं का?

उत्तर : १९५९च्या मुंबईतल्या भीकप्रतिबंधक कायद्याच्या व्याख्येत गाऊन-नाचून दान घेणंही येतं. रियाज करून वाजवणाऱ्यावर हा अन्याय आहे, तो बदलायलाच हवा. लोकलचा डबा आणि स्थानक टाळा. तिथे भीक मागायला मनाई करणारं रेल्वे कायद्याचं कलम १४४ वेगळं लागतं. सोसायटी किंवा मंडळाने बोलावलं तर तारीख, वेळ, मानधन लिहिलेलं पत्र घ्या आणि पेटीच्या झाकणात ठेवा.