शेरीफ आणि मार्शल दोघेही पोलीसच, मग ते एकमेकांच्या मागे का लागतात?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: वडिलांबरोबर एक जुना काउबॉयपट बघितला. त्यात शेरीफ आणि मार्शल दोघेही छातीवर तारा लावून फिरतात, आणि शेवटी शेरीफच घोडेस्वार जमवून मार्शलला पकडायला निघतो. वडील म्हणाले, "तिकडे तेव्हा कायदाच नव्हता, बळी तो कान पिळी." हे कितपत खरं?

वडिलांचं अर्धं बरोबर आहे. कान भरपूर पिळले गेले. पण कायद्याची तिथे टंचाई नव्हती, उलट गर्दी होती. एकाच रस्त्यावर तीन-तीन कायदेवाले उभे असत आणि तिघांचे पैसे वेगवेगळ्या खिशांतून येत. सिनेमात तुम्ही पाहिलंत तसा शेरीफ-मार्शल पाठलाग खरोखर झालेला आहे. त्याच्याकडे येतोच.

आधी 'पोलीस' म्हटल्यावर आपल्या डोळ्यांसमोर येतं ते चित्र बाजूला ठेवा. शिपाई, हवालदार, फौजदार, अधीक्षक, वर महासंचालक, वरून हुकूम, खालून सलाम, दर काही वर्षांनी बदली. यातलं काहीही त्या काळच्या अमेरिकन पश्चिमेत नव्हतं.

'शेरीफ' हे पद मात्र आपल्याला परकं नाही. मुंबईला शेरीफ असतो, आपण त्याला नगरपाल म्हणतो. दिलीपकुमार होऊन गेले, सुनील गावसकर होऊन गेले. आज ते मिरवायचं पद असलं तरी नगरपालाच्या कचेरीचं खरं काम म्हणजे उच्च न्यायालयाच्या हुकमांची बजावणी, जप्ती, लिलाव. इंग्लंडातल्या या जुन्या पदाची एक फांदी मुंबईत रुजली, दुसरी अमेरिकेत. तिकडच्या शेरीफचेही बरेचसे दिवस समन्स पोचवण्यात, जप्त्या करण्यात आणि तुरुंग सांभाळण्यातच जात. गोळीबार क्वचित. त्याची हद्द म्हणजे काउंटी, आपल्याकडचा जिल्हा समजा, आणि तो सहसा लोकांच्या मतांवर निवडून येई. म्हणजे ज्यांना पकडायचं त्यांचे भाऊबंद त्याचे मतदार.

दुसरा टाउन मार्शल. हा गावच्या नगरपरिषदेचा पगारी नोकर, आणि वेशीबाहेर त्याचं काही चालत नसे. तिसरा यू. एस. मार्शल. हे पद १७८९ च्या कायद्याने निर्माण झालं. प्रत्येक केंद्रीय न्यायालयाच्या जिल्ह्याला एक मार्शल, नेमणूक खुद्द राष्ट्राध्यक्षांची, आणि प्रत्यक्ष घोड्यावर बसून फिरणारे त्याने नेमलेले डेप्युटी. यांच्याकडे केंद्राच्या कायद्यातले गुन्हे. सिनेमावाले दोघांनाही नुसतं 'मार्शल' म्हणून मोकळे होतात, तिथेच गोंधळ सुरू होतो.

आता पैशाचं बघू, कारण माझ्या मते या सगळ्या इतिहासाची किल्ली तिथे आहे.

टाउन मार्शलला महिन्याचा पगार असे आणि त्यात वरकड. वाइल्ड बिल हिकॉक १८७१ मध्ये कॅन्ससमधल्या अ‍ॅबिलीन या गावाचा मार्शल होता. महिना १५० डॉलर, दंडाच्या वसुलीत वाटा, आणि विनापरवाना कुत्रं मारलं की नगामागे ५० सेंट. एवढा नावाजलेला बंदूकबाज, पण रोजच्या कामात कुत्र्यांचाही हिशेब. त्याच वर्षी ऑक्टोबरात जुगारअड्डेवाला फिल को याच्याशी झालेल्या चकमकीत अंधारातून धावत आलेल्या माणसावर त्याने गोळी झाडली. तो त्याचाच मदतनीस माइक विल्यम्स निघाला. हिकॉकची ती नोकरी वर्षभरही टिकली नाही.

केंद्राच्या डेप्युटींना १८९६ पर्यंत ठरावीक पगारच नव्हता, सगळं कामाच्या दरावर. याचं टोक बघायचं तर आर्कान्सामधल्या फोर्ट स्मिथच्या न्यायालयाकडे बघावं. १८७५ ते १८९६ तिथे आयझॅक पार्कर न्यायाधीश होता. शेजारच्या 'इंडियन टेरिटरी'ची, म्हणजे आजच्या ओक्लाहोमाच्या मोठ्या भागाची, जबाबदारी याच कोर्टावर होती. चेरोकी, क्रीक, चॉक्टॉ, चिकासॉ आणि सेमिनोल या पाच राष्ट्रांची तिथे स्वतःची न्यायालयं होती, 'लाइटहॉर्स' नावाचे स्वतःचे घोडेस्वार पोलीस होते. पण बाहेरून आलेल्या गोऱ्या अमेरिकन नागरिकावर खटला चालवायचा अधिकार त्यांना नव्हता. परिणाम सांगायलाच नको. टेक्सास, मिसुरी, कॅन्ससमध्ये गुन्हा करायचा आणि तिकडे दडी मारायची. पार्करने १६० जणांना फाशीची शिक्षा सुनावली, त्यांतले ७९ खरोखर फासावर गेले. १८८९ पर्यंत त्याच्या निकालावर अपीलच नव्हतं. लोक फाशी देणारा न्यायाधीश म्हणून त्याचं नाव घेतात. पण त्याच कारकिर्दीत त्याचे साठाहून अधिक डेप्युटी त्या मुलखात मारले गेले, हे सांगायचं विसरतात.

या डेप्युटींना मिळायचं काय? आरोपीच्या शोधात जाताना मैलामागे ६ सेंट, अटकेमागे २ डॉलर, त्यातूनही मार्शलचा हिस्सा कापून. आरोपी मेला तर फी बुडाली, वर पुरण्याचा खर्च डेप्युटीच्या माथी. 'जिवंत किंवा मृत' या पाट्या बघून आपल्याला वाटतं की गोळी घालणं सोपं होतं. हिशेबाने बघितलं तर जिवंत आणण्यातच फायदा. म्हणून हे लोक एक गाडा, एक स्वयंपाकी आणि खिशात वॉरंटांची चळत घेऊन निघत, आठवडेच्या आठवडे फिरत आणि साखळदंडातल्या माणसांनी गाडा भरला की परतत.

बॅस रीव्ह्ज त्यांच्यातला माझा आवडता माणूस. १८३८ साली गुलाम म्हणून जन्मलेला हा काळा माणूस १८७५ मध्ये डेप्युटी मार्शल झाला आणि तब्बल ३२ वर्षं ते काम करत राहिला. लिहिता-वाचता येत नव्हतं. निघण्यापूर्वी सगळी वॉरंटं कुणाकडून तरी वाचून घ्यायची, कुठला कागद कुणाचा हे डोक्यात ठेवायचं. त्याच्या नावावर ३,००० च्या वर अटका सांगितल्या जातात. स्वतःच्या स्वयंपाक्याच्या खुनाचा आरोप त्याच्यावरही आला. १८८७ मध्ये त्यातून सुटला, पण वकिलांपायी गाठीचा पैसा गेला. १९०२ मध्ये त्याच्या मुलाने बायकोचा खून केला, तेव्हा वॉरंट घेऊन मुलाला पकडायला हाच गेला. मुलाला जन्मठेप झाली. १९०७ मध्ये ओक्लाहोमा राज्य झालं, नवी पोलीसव्यवस्था आली, आणि सत्तरीकडे झुकलेला रीव्ह्ज मस्कोगी गावात साधा गस्तीचा शिपाई झाला. १९१० मध्ये वारला. काउबॉयपटांत असा माणूस कितीसा दिसला, हे वडिलांना विचारा.

आता तुमचा पाठलाग.

मी साडेतीन वर्षं अ‍ॅरिझोनात टूसॉनला नोकरीला होतो. पुण्याहून कुणी आलं की टूमस्टोन, म्हणजे तो पाठलाग जिथून सुरू झाला ते गाव, दाखवायला न्यायचं हे ठरलेलं, त्यामुळे सव्वा तासाची ती वाट मला पाठ झाली होती. लाकडी फुटपाथ, खोट्या मिशा लावलेले लोक, ठरल्या वेळी तिकीट लावून गोळीबार. पहिल्या दोन वेळा मजा वाटली. तिसऱ्या वेळी बूटहिल या दफनभूमीत तीन जणांच्या थडग्यावरची पाटी नीट वाचली. तिच्यावर 'मारले गेले' असं नाही, तर टूमस्टोनच्या रस्त्यावर यांचा 'खून झाला' असं लिहिलंय. मारणारे मात्र पोलीस होते. तिथून मी या विषयाच्या नादी लागलो.

१८७७ मध्ये त्या माळावर चांदी सापडली, १८७९ मध्ये गाव वसलं, आणि १८८१ च्या फेब्रुवारीत कोचीस ही नवी काउंटी केली गेली. अ‍ॅरिझोना तेव्हा राज्य नव्हतं, केंद्राचा प्रदेश होता. त्यामुळे पहिला शेरीफ गव्हर्नरने नेमला: जॉन बीहन. या पदासाठी वायट अर्पही (पाठलागातला मार्शल तो पुढे हाच) उत्सुक होता, आणि का असणार नाही? काउंटीचा कर शेरीफ गोळा करी आणि वसुलीतले १० टक्के त्याचे. चांदीच्या खाणींच्या मुलखात! तू माघार घे, तुला माझ्या हाताखालचं पद देतो, असं बीहनने वायटला कबूल केलं होतं आणि मग दुसऱ्यालाच नेमलं. शिवाय बीहनबरोबर राहणारी जोसेफिन नंतर वायटकडे गेली आणि त्याच्या मरणापर्यंत त्याच्याबरोबर राहिली. इतिहासकार याला किती महत्त्व द्यायचं यावर भांडतात. मी म्हणेन, गावात सगळ्यांना माहीत असणार.

वायटचा भाऊ व्हर्जिल एकाच वेळी गावचा मार्शल आणि केंद्राचा डेप्युटी. पलीकडे 'काउबॉय'. तिथे तेव्हा ही शिवी होती हं, मेक्सिकोतून गुरं चोरून आणणाऱ्यांना लावलेली. सरळ धंदा करणारा गुरेवाला स्वतःला रँचर म्हणवी. चोरीची गुरं स्वस्त पडत, त्यामुळे गावाबाहेर काउबॉयांना मित्र बरेच, आणि शेरीफ त्यांच्याशी सांभाळून वागे. सप्टेंबर १८८१ मध्ये बिस्बी गावची घोडागाडी लुटली गेली, त्यात पकडला गेला फ्रँक स्टिलवेल. तो बीहनच्याच डेप्युटींपैकी होता! पुराव्याअभावी सुटला, तर व्हर्जिलने त्याला टपाल लुटल्याबद्दल केंद्राच्या कायद्याखाली पुन्हा धरलं. गाडी तीच, लूट तीच. प्रवाशांचे पैसे हा प्रदेशाचा गुन्हा, टपालाची पिशवी हा केंद्राचा.

मग तो प्रसिद्ध २६ ऑक्टोबर. गावात शस्त्र घेऊन फिरायला त्याच वर्षी एप्रिलमध्ये बंदी घातली होती. आल्याबरोबर तबेल्यात किंवा दारूच्या गुत्त्यात बंदूक जमा करायची. 'वाइल्ड वेस्ट'मध्ये जो तो कमरेला पिस्तूल लावून फिरे असं वाटणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं. कॅन्ससमधल्या डॉज सिटीतही अशा हत्यारबंदीचा फलक होता. सकाळी काउबॉयांपैकी आइक क्लँटन सशस्त्र सापडला, व्हर्जिलने त्याच्या डोक्यात पिस्तुलाचा दस्ता हाणला, कोर्टाने २५ डॉलर दंड केला. दुपारी व्हर्जिल, वायट आणि मॉर्गन हे तिघे अर्प बंधू आणि वायटचा मित्र डॉक हॉलिडे उरलेल्या काउबॉयांची हत्यारं काढून घ्यायला निघाले. शेरीफ बीहन न्हाव्याकडे दाढी करत होता, तो धावत मध्ये पडला, पण कुणी थांबेना. एका फोटो स्टुडिओशेजारच्या अरुंद मोकळ्या जागेत साधारण ३० सेकंदांत ३० गोळ्या झाडल्या गेल्या. आइकचा भाऊ बिली क्लँटन आणि टॉम व फ्रँक हे मॅकलॉरी बंधू मेले. ज्याच्यापासून भांडण सुरू झालं तो आइक पळून गेला. ओ. के. कोराल हा घोड्यांचा वाडा तिथून थोडा दूर होता, पण नाव त्याचंच झालं.

पुढचा भाग सिनेमात सहसा येत नाही. आइकने खुनाची फिर्याद दिली. न्यायाधीश वेल्स स्पायसरसमोर महिनाभर साक्षी चालल्या आणि शेरीफने मार्शलच्या विरुद्ध साक्ष दिली. वायट आणि हॉलिडेसारख्यांना सोबत नेणं हा व्हर्जिलचा अविचार होता, असं म्हणत स्पायसरने सगळ्यांना सोडलं. कायदा नसलेल्या गावात महिनाभर साक्षी नोंदवत बसत नाहीत. पण निकाल बाजूने न लागलेल्यांनी तो मानलाच असंही नाही. डिसेंबरात दबा धरून व्हर्जिलवर गोळ्या झाडल्या, त्याचा डावा हात कायमचा गेला. मार्च १८८२ मध्ये बिलियर्ड खेळताना मॉर्गन अर्प मारला गेला.

तोवर वायट केंद्राचा डेप्युटी मार्शल झाला होता. दोन दिवसांनी टूसॉनच्या रेल्वे यार्डात स्टिलवेल मेलेला सापडला, अंगभर गोळ्या. आता वायटच्या खिशात काउबॉयांच्या नावाची केंद्राची वॉरंटं, आणि वायटच्याच नावाचं स्टिलवेलच्या खुनाचं वॉरंट बीहनच्या खिशात. बीहनने पॉसी जमवली. पॉसी म्हणजे शेरीफने हाकारून गोळा केलेले नागरिक, आणि या नागरिकांत जॉनी रिंगोसारखे काउबॉय सामील. तुमच्या सिनेमातलं दृश्य ते हेच: कायद्याच्या एका कागदाच्या मागे कायद्याचा दुसरा कागद. लष्कर बोलवावं तर १८७८ च्या कायद्याने नागरी कामात सैन्य वापरायला बंदी. अखेर मे महिन्यात राष्ट्राध्यक्ष आर्थर यांना जाहीरनामा काढून लष्करी कायद्याची धमकी द्यावी लागली.

वायट कोलोरॅडोत निसटला. डेन्व्हरमध्ये पकडलेल्या हॉलिडेला परत द्यायला तिथल्या गव्हर्नरने नकार दिला, वायटवर खटला कधी उभाच राहिला नाही, आणि तो १९२९ मध्ये लॉस एंजेलिसला म्हातारा होऊन वारला.

बीहनच्या पॉसीने एकाही अर्पवर एकही गोळी झाडली नाही. काउंटीकडे तिच्या खर्चाचं बिल मात्र गेलं: २,५९३ डॉलर ६५ सेंट. वडिलांना हा आकडा जरूर सांगा.